वारंवार आजारी पडणारे मूल

हजेरीपटावर एखाद्याच मुलाच्या नावापुढे महिन्यामागून महिने गैरहजेरी पडत जाते. कधी कान वाहतो, कधी न्युमोनिया होतो. अशा मुलास आळशी ठरविणे फार सोपे असते.

1952 साली अमेरिकेतील लष्करी डॉक्टर ऑग्डेन ब्रूटन यांनी अशाच एका 8 वर्षांच्या मुलाची हकीकत प्रसिद्ध केली. चार वर्षांत 19 वेळा त्यास गंभीर जंतुदोष झाला होता. रक्त तपासता त्यात गॅमा ग्लोब्युलिन हा अंशच आढळला नाही. रोगजंतूंना ओळखून जखडणारी प्रतिपिंडे याच अंशात असतात. निरोगी माणसांच्या रक्तातून काढलेले हे द्रव्य ब्रूटन यांनी त्यास दरमहा टोचले, आणि दुखण्यांचा तो फेरा थांबला.

हा विशिष्ट दोष जन्मजात असून बहुतेक मुलग्यांतच आढळतो. आईकडून आलेली प्रतिपिंडे पहिले काही महिने बाळास सांभाळतात. ती सरली की आजार सुरू होतात.

सर्दी होणाऱ्या प्रत्येक मुलात हा दोष असतो असे मात्र नव्हे. लहान मुलांस वर्षातून सहा-आठ वेळा सर्दी होतेच, आणि खेड्यात प्रतिकारशक्ती खालावण्याचे कारण बहुधा कुपोषण हेच असते. परंतु एका वर्षात दोनदा न्युमोनिया झाला, तर शिक्षकाने गैरहजेरीच्या तारखा व आजाराचे नाव यांचे टिपण करून पालकांजवळ द्यावे. प्रतिपिंडांची रक्ततपासणी करावी किंवा कसे, हे ठरविताना डॉक्टरांस त्याचा उपयोग होतो.