फळझाडांची उंची ठरविणारा खुंट

सफरचंदाच्या एकाच जातीची दोन कलमे शेजारी लावली असता एक हाताने फळे तोडता येतील इतकेच वाढते, तर दुसऱ्यास शिडी लावावी लागते. याचे कारण बहुधा जोडाखाली असते. कलमाची काडी फळाची जात ठरविते. झाडाचा विस्तार मात्र बव्हंशी खुंटावर अवलंबून असतो.

ठेंगण्या खुंटांची ओळख युरोपास शतकानुशतके होती. परंतु ‘पॅराडाइज’ या एकाच नावाखाली परस्परांहून भिन्न असे अनेक खुंट विकले जात. ठेंगणे समजून दाट लावलेली झाडे पुढे एकमेकांत शिरली, की बागाइतदारास कुऱ्हाडीवाचून उपाय उरत नसे. इंग्लंडमधील केंट परगण्यात १९१३ साली स्थापन झालेल्या ईस्ट मॉलिंग केंद्रात रोनाल्ड हॅटन यांनी ठिकठिकाणचे नमुने जमवून त्यांची छाननी केली व फसव्या नावांऐवजी त्यांस क्रमांक दिले. त्यांपैकी ‘एम ९’ वरील झाड सुमारे अडीच ते तीन मीटर वाढते व लवकर फळते. पण मुळे ठिसूळ असल्याने त्यास जन्मभर आधार द्यावा लागतो. नंतर निपजविलेल्या ‘एमएम १०६’ वरील झाड चार मीटरांच्या आसपास जाते.

ठेंगण्या खुंटाच्या मुळांत सालीचा भाग अधिक व पाणी वाहणाऱ्या नलिका अरुंद असतात. शेंड्याकडून उतरणारे ऑक्सिन हे वाढद्रव्यही त्यातून सावकाश जाते. शिवाय लवकर धरलेली फळे वाढीच्या वाट्याचे अन्न घेतात. यांपैकी कशाचा प्रभाव किती, याविषयी शास्त्रज्ञांचे एकमत नाही. जोड मात्र जमिनीच्या वीतभर वर राहिलाच पाहिजे. तो मातीत गाडला गेल्यास वरच्या काडीलाच मुळे फुटतात आणि खुंटाचा अंमल संपतो.

बियांपासून हे गुण जसेच्या तसे उतरत नाहीत. म्हणून मातृझाड जमिनीलगत छाटून फुटव्यांना मातीची भर देतात आणि मुळे धरलेले फुटवे वेगळे करतात.

विदर्भात नागपुरी संत्र्याचे डोळे जंबेरीच्या किंवा रंगपूर लिंबाच्या रोपांवर भरतात. ही रोपे बियांचीच. तथापि एका बीत अनेक गर्भ असल्याने बहुतेक रोपे मातृझाडासारखी निघतात, व वेगळी दिसणारी रोपे डोळा भरण्यापूर्वीच उपटून टाकावी लागतात. कोकणातील हापूसची गोष्ट निराळी आहे. त्याच्या खुंटासाठी लावलेल्या रायवळ कोयीत सामान्यतः एकच गर्भ असतो आणि प्रत्येक खुंट स्वतंत्र गुणांचा निघतो. एकाच बागेतील कलमे उंचीने असमान राहण्याचे हे एक कारण होय.