कोरड्या मुलुखांतील वायपर

मोटारीच्या समोरच्या कांचेवरील पाणी पुसणारें पातें ही वस्तु इतकी क्षुल्लक वाटते कीं, तिचा स्वतंत्र विचार करण्याची आवश्यकता बहुतेकांस भासत नाहीं. एंजिनाला तेल हवें, चाकांत हवा हवी, बॅटरींत पाणी हवें, हें प्रत्येक मोटारमालक जाणतो. परंतु वायपरचें पातें बदलावयाचें तें केव्हां, हा प्रश्न त्याला पडतो तो ऐन पावसांत, अंधारांत, आणि समोरून येणाऱ्या ट्रकचे दिवे डोळ्यांवर आले असतां. त्या वेळीं दुकान उघडें नसतें. मुंबईच्या किंवा कोंकणच्या मोटारमालकापेक्षां शिरूर व दौंड या तालुक्यांतील मोटारमालकाला या पात्याची चिंता कमी असावी, असा एक सर्वसाधारण समज आहे. कारण पाऊस तिकडे फार, इकडे थोडा. हा समज वस्तुस्थितीच्या अगदीं उलट आहे.

सह्याद्रीच्या माथ्यावर लोणावळ्यास वर्षाला चार हजार मिलिमीटरांच्या आसपास पाऊस पडतो. पुण्यास येईपर्यंत तो सातशेंच्या घरांत उतरतो. आणि घोड व भीमा या नद्यांच्या कांठचा पुणें जिल्ह्याचा पूर्वभाग तर पांचशेंवरच समाधान मानतो. हा पाऊसहि सलग येत नाहीं. रोहिणींत वळवाची एखादी झोड, मृगांत दोनचार सरी, मग आषाढभर नुसता वारा आणि उडती धूळ. खरा पाऊस पुष्कळदां भाद्रपदांत, उत्तरा व हस्त या नक्षत्रांत. त्यामुळें वर्षांतील बहुतेक दिवस वायपरचें पातें तापलेल्या कांचेवर निश्चल पडून असतें. महाबळेश्वरचें पातें काम करून झिजतें. दौंडचें पातें पडून पडून करपतें. आणि झिजलेलें पातें निदान मालकाच्या दृष्टीस रोज पडत असतें; करपलेलें पातें पहिली सर येईपर्यंत धडधाकट असल्याचें सोंग करूं शकतें.

पात्याची रचना पाहिली म्हणजे हें करपणें कशांत आहे तें उमगतें. पातें म्हणजे धातूच्या सांगाड्यांत बसविलेली रबराची पट्टी. या पट्टीची कांचेला टेकणारी कड एका अत्यंत पातळ मानेनें वरच्या जाड भागास जोडलेली असते. दांडा उजवीकडे निघाला कीं, कड डावीकडे कलते; तो परत फिरला कीं, ती क्षणांत कूस पालटून उजवीकडे कलते. पाणी पुसलें जातें तें या कललेल्या कडेच्या धारेनें. रबर मऊ आहे तोंवर हें कूस पालटणें कोणाच्या लक्षांतहि येत नाहीं. परंतु सूर्यप्रकाशांतील अतिनील किरण आणि हवेंतील ओझोन वायु रबराच्या पृष्ठभागावर बारीक तडे पाडतात, चैत्र-वैशाखांत तापलेली कांच त्यांस साहाय्य करते, आणि ती नाजूक मान ताठरते. मग कड पालटेनाशी होते. ती ताठ उभी राहून कांचेवर खरडत, उड्या मारीत जाते. गाडी जुनी झाली म्हणून वायपर थडथड वाजतो असें पुष्कळजण समजतात. गाडीचा त्यांत बहुधा कांहीं दोष नसतो. महिनोन् महिने एकाच अंगावर दाबून राहिलेली कड कित्येकदां त्याच अंगास कायमची वांकते. अशा पात्यानें जातांना कांच स्वच्छ होते आणि येतांना पाण्याचा पडदा तसाच राहतो.

उन्हाच्या जोडीला धूळ आहे. शिरूरहून न्हावऱ्यावरून चौफुल्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर हंगामांत उसाच्या ट्रॉल्यांची रांग लागलेली असते. त्यांच्या चाकांस शेतांतील माती चिकटून येते, आणि दौंड तालुक्यांतील गुऱ्हाळांच्या धुरांतील काजळी तिच्यांत मिसळते. पुणें-नगर रस्त्यावर रांजणगांवच्या औद्योगिक वसाहतीकडे ये-जा करणारे अवजड ट्रक डिझेलच्या धुराचा तेलकट थर कांचेवर चढवितात. (नगरचें नांव २०२४ सालीं अहिल्यानगर झालें असलें तरी रस्त्याचें जुनें नांव लोकांच्या तोंडून सहजासहजीं जाणार नाहीं.) असल्या कांचेवर पावसाचे चार थेंब पडतांच चालक वायपर सुरू करतो, आणि कांचेवर पाण्याऐवजीं चिखलाचा लेप पसरतो. पावसाचा जोर असेल तर तो लेप वाहून तरी जातो. परंतु या भागांतील पाऊस बहुधा तेवढा उदार नसतो. धुळींतील वाळूचे कण मात्र पात्याखालीं सांपडून कांचेवर धनुष्याकृति ओरखडे उमटवितात. दिवसां ते दिसत नाहींत; रात्रीं समोरचा दिवा त्यांवर पडला कीं, सारी कांच कोळ्याच्या जाळ्यासारखी उजळते. कोरड्या कांचेवर पातें फिरवूं नये, असें जें सांगतात तें एवढ्याचकरितां. आधीं पाण्याचा फवारा, मग पातें. ज्या जुन्या जीपगाड्यांत फवाऱ्याची सोयच नाहीं, त्यांच्या चालकानें पाण्याची एक बाटली व जुनें धोतराचें फडकें जवळ ठेवावें आणि वाटेंत थांबून कांच धुण्याचा कंटाळा करूं नये.

ताशीं साठ किलोमीटर वेगानें जाणारी मोटार एका सेकंदांत सुमारें सतरा मीटर पुढें जाते. पात्याची एक फेरी निकामी गेली, तर तेवढें अंतर चालकानें डोळे झांकून काटल्यासारखेंच होतें. आणि परतीच्या पावसाचे शेवटचे दिवस व उसाच्या वाहतुकीचे पहिले दिवस पुष्कळदां एकत्र येत असल्यामुळें, मागें तांबडा दिवा नसलेली ट्रॉली त्याच सतरा मीटरांत उभी असण्याचा संभव असतो.

आतां पात्याच्या निवडीविषयीं. ॲम्बॅसडर आणि मारुती ८०० या दोन्ही मोटारींचें उत्पादन २०१४ सालीं थांबलें, प्रीमियर पद्मिनीचें त्यापूर्वींच. म्हणून त्यांचीं पातीं मिळेनाशीं झालीं असतील अशी भीति मालकांस वाटते. ती निराधार आहे. पातें गाडीच्या नांवावर बसत नाहीं. तें बसतें लांबीवर आणि दांड्याच्या टोंकावर. जुन्या पात्याच्या रबराची लांबी पट्टीनें इंचांत मोजावी, दोन्ही बाजूंची निरनिराळी मोजावी, कारण कित्येक गाड्यांत त्या सारख्या नसतात. लांब पातें घेतलें तर अधिक कांच पुसली जाईल, हा हिशेब फसवा आहे: तें कांचेच्या चौकटीवर आपटतें, क्वचित् शेजारच्या पात्यांत अडकतें, आणि म्हाताऱ्या मोटरवर नसता भार टाकतें. दांड्याचें टोंक हुकासारखें वळलेलें आहे, कीं सरळ असून पात्याच्या खांचेंत शिरणारें आहे, हेंहि पाहिलें पाहिजे. सर्वांत सोपा उपाय म्हणजे जुनें पातें काढून दुकानांत बरोबर नेणें. दुकानदाराला गाडीचें नांव सांगण्यापेक्षां तें अधिक खरें बोलतें.

अलीकडे सांगाडा नसलेलीं, एकाच लवचिक पट्टीचीं पातीं बाजारांत फार आलीं आहेत. वक्र कांचेच्या गाडीस तीं चांगलीं. परंतु जुन्या जीपची कांच सपाट असते, आणि त्या पट्टीला मुळांतच बांक दिलेला असतो. जुन्या दांड्याची स्प्रिंग सैल असेल तर असल्या पात्याचीं टोंकें कांचेला टेकतात आणि मधला भाग, म्हणजे नेमका चालकाच्या डोळ्यांसमोरचा, अधांतरीं राहतो. जीपला सांगाड्याचें साधें पातेंच योग्य. सिलिकॉन रबराचें पातें महाग खरें, पण ऊन तें साध्या रबरापेक्षां पुष्कळच अधिक सोसतें. जी गाडी दिवसभर उघड्यावर उभी राहते तिच्या मालकानें हा खर्च करण्यास हरकत नाहीं. पातें कोणत्याहि जातीचें असो, दुकानाच्या दारांत उन्हांत टांगलेलें घेऊं नये. विकत घेण्यापूर्वींच त्याचें आयुष्य तेथें खर्च होऊं लागलेलें असतें. आंतून डब्यांतलें मागावें, कडेला बोटानें हळूच वांकवून पाहावें. ती लगेच सरळ झाली पाहिजे.

सांगाडा शाबूत असेल, त्याचे सांधे खिळखिळे झाले नसतील, तर नुसतें रबर बदलूनहि भागतें. ही जुनी आणि काटकसरीची रीत हल्लीं मागें पडत चालली आहे. मेस्त्रीला पुरें पातें विकणें सोयीचें पडतें. रबराच्या दोन्ही अंगांस पोलादाच्या बारीक पट्ट्या असतात. त्या कोणत्या बाजूनें व कोणत्या बांकानें बसविल्या होत्या तें पाहून ठेवावें. त्या उलट बसल्या तर नवें रबरहि कांचेला नीट टेकत नाहीं.

पातें बदलण्याचें काम घरच्याघरीं होण्यासारखें आहे. पण त्यांत एकच धोका आहे, आणि तो नवखा मनुष्य हटकून ओढवून घेतो. दांडा कांचेपासून उचलून उभा केला, पातें काढलें, आणि नवें आणण्यास पाठ फिरविली, तेवढ्यांत स्प्रिंगच्या जोरानें तो उघडा लोखंडी दांडा कांचेवर आदळतो. दोनचारशें रुपयांच्या कामापायीं अख्खी कांच तडकते. म्हणून दांडा उचलतांच खालीं कांचेवर जाड टॉवेलची घडी घालावी, आणि एक बाजू पुरी झाल्यावांचून दुसरीस हात लावूं नये; म्हणजे नमुन्याला एक बाजू समोर राहते. हुकाचें पातें असेल तर मधली लहानशी जीभ दाबून पातें दांड्याच्या मुळाच्या दिशेनें सरकवावें, कीं तें हुकांतून सुटतें. नवें चढवितांना ‘खट्’ असा आवाज आला पाहिजे. दांडा हातानेंच हळू टेकवावा, कांच भिजवावी, आणि मगच वायपर सुरू करावा.

नवें पातें बसवूनहि थडथड थांबली नाहीं, तर दोष दांड्यांत शोधावा. वर्षानुवर्षें धुणाऱ्यांनीं ओढून दांडा पिळवटलेला असतो. पातें कांचेवर काटकोनांत उभें न राहतां एका अंगास झुकतें, आणि त्या बाजूनें कड पालटूं शकत नाहीं. पकडीनें दांड्याला किंचित् पीळ देऊन हा दोष काढतां येतो. दांड्याच्या बुडाशीं असलेल्या स्प्रिंगला व सांध्याला तेलाचा एक थेंब पुष्कळ. रबराला मात्र तेल, रॉकेल, डिझेल यांपैकीं कशाचाहि स्पर्श होऊं देऊं नये, कारण त्यांनीं रबर फुगतें आणि ढिलें पडतें. पातें पुसण्यास साबणाचें पाणी पुरें. कांचेवर तंबाखू चोळण्याची जी युक्ति ट्रकचालकांत आहे, ती अगदींच निरर्थक नाहीं. तिनें पाणी थेंबाथेंबानें न राहतां कांचेवर सपाट पसरतें आणि घटकाभर दिसूं लागतें. परंतु ती मोडलेल्या वायपरवरची तात्पुरती मलमपट्टी समजावी.

१९०३ सालीं अमेरिकेंत मेरी अँडरसन या बाईंनीं अशा पुसणीचें पेटंट घेतलें, त्या वेळीं गाडींतून हातानेंच तिची दांडी फिरवावयाची योजना होती. आज आपल्याकडे १९८९ च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांनीं कांच असलेल्या मोटारीस यंत्रशक्तीनें चालणारा, चांगलें काम देणारा वायपर सक्तीचा केला आहे. आणि पंधरा वर्षांनंतर खाजगी मोटारीच्या नोंदणीचें नूतनीकरण करतांना जी तपासणी होते, तींत वायपरहि पाहिला जातो. तपासणीच्या वेळीं कांच बहुधा कोरडी असते, पातें हललें म्हणजे काम भागतें. परंतु मालकानें तेवढ्यावर विसंबूं नये.

मृगाच्या आदल्या आठवड्यांत पातीं बदलण्याची चाल कोंकणास शोभते. शिरूर-दौंडकडे वळीव वैशाखांतच गांठतो. म्हणून पातें आणून सांवलींत ठेवावें आणि रोहिणी लागण्यापूर्वीं, म्हणजे मेच्या तिसऱ्या आठवड्याच्या सुमारास, बसवावें. पुढें गणपति उठल्यावर एकदां कडेवरून बोट फिरवून तिला भेग गेली आहे काय तें पाहावें, कारण खरा पाऊस त्यानंतरचाच. गाडी उन्हांत उभी करतांना दांडे उचलून ठेवण्याची जी रीत आहे ती घटका दोन घटकांपुरती ठीक. दिवसच्या दिवस दांडे ताणून ठेवले तर स्प्रिंगची ताकद जाते. त्यापेक्षां पात्यावर पांढऱ्या फडक्याची पट्टी टाकणें बरें, आणि लिंबाची सांवली मिळाली तर त्याहून बरें. चिंचेखालीं मात्र पांखरांचा उपद्रव फार.