डोंगराआड घडलेला विक्रम

टूर द फ्रान्समध्ये सर्वाधिक टप्पे जिंकणारा सायकलपटू त्या शर्यतीच्या एकूण क्रमवारीत पहिल्या शंभरात एकदाही आला नाही. मार्क कॅव्हेंडिश पंधरा वेळा टूरमध्ये उतरला आणि आठ वेळा शेवटच्या टप्प्यापर्यंत पोहोचला. या पंधरा टूरमध्ये मिळून त्याने ३५ टप्पे जिंकले. त्याच्याआधी ३४ टप्प्यांचा विक्रम बेल्जियमच्या एडी मर्क्सच्या नावावर होता. मर्क्सने ती संपूर्ण शर्यतच पाच वेळा जिंकली होती. कॅव्हेंडिशच्या नावासमोर मात्र एकूण निकालात शंभराच्या पुढचाच आकडा असायचा.

हे कोडं उलगडायला शर्यतीची रचना समजून घ्यावी लागते. टूरमध्ये २३ दिवसांत २१ टप्पे असतात आणि एकूण अंतर साधारण साडेतीन हजार किलोमीटरच्या घरात जातं. रोजची वेळ जमा होत जाते आणि ज्याची बेरीज सर्वांत कमी, तो पिवळी जर्सी घालतो. सपाट टप्प्यांवर दीडशेहून जास्त सायकलपटू एकाच घोळक्यात अंतिम रेषेपर्यंत येतात, त्यामुळे वेळेचा फरक पडत नाही. खरी बेरीज-वजाबाकी होते ती आल्प्स आणि पिरिनीजच्या घाटांत. मुंबई-पुणे सायकल शर्यत बघितलेल्यांना बोरघाटाचं आणि ‘घाटाचा राजा’ या किताबाचं महत्त्व वेगळं सांगायला नको. टूरमध्ये असे घाट एकाच दिवशी तीन-चार येतात, आणि काहींची उंची दोन हजार मीटरच्या वर असते.

कॅव्हेंडिश स्प्रिंटर. सपाट टप्प्याच्या शेवटी ताशी ७० किलोमीटरच्या आसपासच्या वेगात घोळक्यातून बाहेर पडून रेषा गाठायची, हे त्याचं काम. त्या दोन-तीनशे मीटरसाठी लागणारे भरीव स्नायू घाटात मात्र अंगावरचं ओझं होतात. त्यात नियम असा, की टप्पा जिंकणाऱ्याच्या वेळेवर ठरावीक टक्के वाढवून जी मर्यादा येते, तिच्या आत न पोहोचणारा त्याच संध्याकाळी शर्यतीबाहेर. म्हणजे सोमवारी टप्पा जिंकलेला स्प्रिंटर बुधवारी घाटात उशीर झाला म्हणून घरी जाऊ शकतो. या माणसाची सतरा-अठरा वर्षांची कारकीर्द घडली ती या मर्यादेच्या धाकात. टीव्हीवर दिसले ते हात उंचावलेले ३५ क्षण. त्यांची किंमत मोजली गेली ती कॅमेरे पुढच्या मंडळींच्या मागे निघून गेल्यावर.

इंग्लंड आणि आयर्लंडच्या मधल्या समुद्रात आइल ऑफ मॅन नावाचं छोटं बेट आहे. कॅव्हेंडिशचा जन्म तिथल्या डग्लस गावात २१ मे १९८५ रोजी झाला. शाळा संपल्यावर त्याने बँकेत नोकरी केली आणि पुढच्या प्रशिक्षणासाठी पैसे साठवले. ब्रिटिश सायकलिंगच्या तरुणांसाठीच्या अकादमीत प्रवेश मिळवताना प्रयोगशाळेतल्या चाचण्यांनी त्याच्या बाजूने कौल दिला नाही. पायांची ताकद मोजणाऱ्या यंत्रावरचे आकडे बेताचे होते. प्रशिक्षक रॉड एलिंगवर्थ यांनी तरीही त्याला घेतलं. यंत्राला न दिसणाऱ्या दोन गोष्टी त्याच्याकडे होत्या. एक म्हणजे अंगकाठी. उंची पावणेसहा फुटांच्या आसपास, आणि स्प्रिंटमध्ये नाक जवळजवळ हँडलबारला टेकेल इतका खाली वाकण्याची सवय. त्यामुळे वाऱ्याला अडणारा भाग कमी, आणि आंद्रे ग्राइपेल किंवा मार्सेल किटेलसारख्या धिप्पाड प्रतिस्पर्ध्यांपेक्षा कमी ताकदीत तेवढाच वेग. दुसरी म्हणजे रस्त्याची स्मरणशक्ती. शेवटच्या किलोमीटरमध्ये कोणतं वळण कुठे आहे, कोण कोणाच्या मागे होतं, फट कधी उघडली, हे तो शर्यत संपल्यावर क्रमवार सांगायचा.

सुरुवात ट्रॅकवर झाली. २००५ साली रॉब हेल्सच्या जोडीने त्याने मॅडिसन प्रकारात जागतिक विजेतेपद मिळवलं आणि २००६ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत आइल ऑफ मॅनला सुवर्ण मिळवून दिलं. २००७ साली तो जर्मनीच्या टी-मोबाइल संघात व्यावसायिक झाला. तो काळ या खेळासाठी फार वाईट होता. उत्तेजकांच्या प्रकरणांनी त्या संघाची अब्रू गेली होती आणि वर्ष संपायच्या आत प्रायोजकाने हात काढून घेतले. रस्त्यावरच्या शर्यतीला तिकीट नसतं, त्यामुळे संघांना गेटवरचं उत्पन्न नसतं. प्रायोजक गेला की संघ गेला. हा संघ मात्र बॉब स्टेपलटन यांनी नव्या नावाने उभा ठेवला आणि त्यातूनच कॅव्हेंडिशच्या पहिल्या पर्वाला आकार आला.

९ जुलै २००८ रोजी शातोरू इथे त्याने टूरमधला पहिला टप्पा जिंकला. त्या वर्षी चार, २००९ मध्ये सहा, मग दोन वर्षं प्रत्येकी पाच. चार टूरमध्ये वीस टप्पे! पॅरिसच्या शांझेलिझेवरचा अखेरचा टप्पा तर त्याने २००९ ते २०१२ असा सलग चार वेळा जिंकला.

या विजयांमागची यंत्रणा जवळून बघण्यासारखी आहे. पुढच्या सायकलस्वाराच्या मागच्या चाकाला चिकटून चालवलं की वारा तो झेलतो आणि मागच्याची ताकद वाचते. शेवटच्या काही किलोमीटरमध्ये संघाचे पाच-सहा जण एका ओळीत येतात. सर्वांत पुढचा जीव तोडून ओढतो, दम संपला की बाजूला होतो, मग दुसरा, मग तिसरा. वेग एवढा वाढतो की मागून कुणाला मुसंडी मारता येत नाही. सर्वांत शेवटचा वाटाड्या दोनशे मीटरवर बाजूला होतो आणि तोपर्यंत वारा न लागलेला स्प्रिंटर बाहेर पडतो. कॅव्हेंडिशसाठी हे काम ऑस्ट्रेलियाचा मार्क रेनशॉ करायचा. २००९ साली शांझेलिझेवर रेनशॉने शेवटच्या वळणातून अशी आघाडी मिळवून दिली की कॅव्हेंडिश पहिला आला आणि वाटाड्या असूनही रेनशॉ दुसरा! पुढच्या वर्षी याच रेनशॉला धावत्या स्प्रिंटमध्ये प्रतिस्पर्ध्याला डोक्याने ढुशी दिल्याबद्दल शर्यतीतून काढून टाकण्यात आलं.

मिलान-सान रेमो ही जवळपास तीनशे किलोमीटरची एकदिवसीय शर्यत. शेवटच्या टप्प्यात येणाऱ्या चिप्रेसा आणि पोज्जो या चढांवर हा टिकणार नाही, असा अनेकांचा होरा होता. २००९ साली तो टिकला आणि हाइनरिश हाउसलरला अगदी रेषेवर गाठून जिंकला. २०११ साली कोपनहेगनच्या जागतिक स्पर्धेसाठी एलिंगवर्थ यांनी काही वर्षं आधीपासून आखणी केली होती. ब्रॅडली विगिन्स, क्रिस फ्रूम, गेरेंट थॉमस, डेव्हिड मिलर अशा मंडळींनी दिवसभर घोळका ताब्यात ठेवला आणि कॅव्हेंडिशने इंद्रधनुषी जर्सी मिळवली. १९६५ मधल्या टॉम सिम्पसननंतर रस्त्यावरचं जागतिक विजेतेपद मिळवणारा तो पहिला ब्रिटिश पुरुष ठरला.

त्याच वर्षीच्या टूरमध्ये त्याला गुणांची हिरवी जर्सीही मिळाली, पण ती घाटात निसटता निसटता राहिली. गालिबिए आणि आल्प द्युएझ या लागोपाठच्या टप्प्यांवर तो वेळेच्या मर्यादेबाहेर पोहोचला. दोन्ही दिवशी त्याच्याबरोबर उशिरा आलेल्यांची संख्या इतकी मोठी होती की पंचांनी सगळ्यांना शर्यतीत राहू दिलं आणि दर दिवशी २० गुणांची कपात केली. एकटा असता तर तिथेच खेळ आटोपला असता. म्हणूनच स्प्रिंटर घाटात आपापले संघ विसरून एकत्र चढतात. सपाटीवर एकमेकांना कोपरं मारणारे घाटात एकमेकांना पाणी देतात आणि उरलेल्या मिनिटांचा हिशेब करत वेग ठरवतात.

२०१२ साली तो विगिन्सच्या संघात होता. शांझेलिझेवर पिवळ्या जर्सीतल्या विगिन्सने स्वतः त्याच्यासाठी घोळका ओढला. आठवड्याभरात लंडन ऑलिंपिकमध्ये मात्र पाच जणांच्या ब्रिटिश संघाला पळून गेलेले गडी पकडता आले नाहीत आणि सुवर्ण कझाकस्तानच्या अलेक्झांडर विनोकुरोव्हला मिळालं. हे नाव पुढे पुन्हा येणार आहे.

मग पडझडीची वर्षं आली. २०१४ ची टूर इंग्लंडमध्ये सुरू झाली. पहिला टप्पा त्याच्या आईच्या गावी, हॅरोगेटला संपणार होता. तिथेच शेवटच्या स्प्रिंटमध्ये तो पडला, खांदा निखळला आणि पहिल्याच दिवशी शर्यत संपली. २०१६ हे वर्ष मात्र मोठ्या उभारीचं. टूरमध्ये चार टप्पे, कारकिर्दीतली पहिली पिवळी जर्सी आणि रिओ ऑलिंपिकमध्ये ऑम्नियम प्रकारात रौप्य. विजयांचा आकडा ३० वर गेला. मर्क्सचा विक्रम चार विजयांवर आला होता आणि पुढची पाच वर्षं तिथेच राहिला.

२०१७ साली एप्स्टाइन-बार विषाणूने त्याला गाठलं. हा विषाणू थकवा आणतो, आणि सायकलपटूचा धंदा थकव्याशीच. त्याच वर्षी व्हितेल इथे पीटर सगानशी झालेल्या टकरीत तो कठड्यावर आदळला आणि खांद्याचं हाड मोडलं. १८ जुलै २०१८ रोजी आल्प्समध्ये आल्बेरव्हिलहून ला रोझिएरला जाणारा १०८.५ किलोमीटरचा टप्पा होता. अंतर कमी, पण जवळजवळ सगळा चढच. टप्पा गेरेंट थॉमसने जिंकला. कॅव्हेंडिश त्याच्यामागे एक तासाहून अधिक वेळाने पोहोचला. मर्यादा केव्हाच उलटली होती. गाडीत बसून खाली जाता आलं असतं, पण तो चढत राहिला आणि रेषा ओलांडूनच उतरला. रेनशॉ आणि किटेलही त्या दिवशी बाद झाले.

त्याच ऑगस्टमध्ये डॉक्टरांनी नैराश्याचं निदान केलं. पुढे त्याने ते उघडपणे सांगितलं. ज्या खेळात वेदना लपवणं हीच हुशारी मानली जाते, तिथे आघाडीच्या खेळाडूने हे बोलणं फार मोलाचं होतं. २०१९ आणि २०२० या वर्षी त्याला टूरच्या संघात जागा मिळाली नाही. ऑक्टोबर २०२० मध्ये बेल्जियममधल्या एका शर्यतीनंतर मुलाखत देताना त्याला रडू कोसळलं. ही कदाचित शेवटची शर्यत असेल, असं तो म्हणाला.

त्याच्या जुन्या बेल्जियन संघाने, डेकोनिंक-क्विकस्टेपने, त्याला नाममात्र मोबदल्यावर परत घेतलं. एप्रिल २०२१ मध्ये तुर्कस्तानच्या शर्यतीत त्याने चार टप्पे जिंकले. त्याआधीचा विजय फेब्रुवारी २०१८ मधला. टूरसाठी तरी तो संघात नव्हता. मुख्य स्प्रिंटर सॅम बेनेटचा गुडघा दुखावला आणि ऐनवेळी बोलावणं आलं. फूजेर, शातोरू, व्हालांस, कार्कासोन. चार विजय, आणि ९ जुलै २०२१ रोजी मर्क्सशी बरोबरी. शातोरूच्या पहिल्या विजयाला त्याच दिवशी तेरा वर्षं झाली होती.

या टूरमधली खरी लढाई तिनीच्या घाटात झाली. प्रतिस्पर्धी स्प्रिंटर आर्नो देमार त्या दिवशी वेळेत पोहोचला नाही आणि बाहेर गेला. कॅव्हेंडिश मर्यादेला दोन मिनिटंही शिल्लक नसताना आला आणि रडला. संघातले सोबती घाटभर त्याच्या वेगाने चढले होते. तीन दिवसांनी मों व्हांतूवर दोनदा चढायचं होतं, तेही त्याच पद्धतीने पार पडलं. दहा वर्षांनी हिरवी जर्सी पुन्हा त्याच्या अंगावर आली.

तरीही पुढच्या वर्षी संघाने टूरसाठी त्याला निवडलं नाही. मधल्या काळात गेंटच्या ट्रॅकवर पडून बरगड्या मोडल्या होत्या, फुप्फुसाला इजा झाली होती, आणि घरात शिरलेल्या दरोडेखोरांनी चाकूच्या धाकावर लूट केली होती. २०२२ च्या अखेरीस ज्या संघात तो जाणार होता, तो पैशाअभावी सुरू व्हायच्या आधीच बंद पडला. शेवटी त्याला घेतलं ते अस्तानाने. या संघाचा प्रमुख होता विनोकुरोव्ह, लंडनमध्ये सुवर्ण जिंकलेला तोच गडी! मे २०२३ मध्ये कॅव्हेंडिशने हंगामाअखेर निवृत्ती जाहीर केली. जुलैमध्ये बोर्दोला गिअर दगा देऊन गेला आणि तो प्रतिस्पर्धी स्प्रिंटर फिलिप्सनमागे दुसरा आला. दुसऱ्याच दिवशी पडून त्याच्या गळपट्टीचं हाड मोडलं. विनोकुरोव्हने आणखी एक वर्ष देऊ केलं आणि त्याने ते घेतलं.

अस्तानाने त्याच्याभोवती स्प्रिंटसाठी वाट काढून देणाऱ्यांचा जुना संच गोळा केला. मार्गदर्शक म्हणून रेनशॉ आला, वाटाड्या म्हणून डेन्मार्कचा मिखाएल मोर्कोव. २०२४ च्या टूरचा पहिला टप्पा इटलीच्या कडक उन्हात, फ्लॉरेन्सहून रिमिनीला. कॅव्हेंडिशला सायकलवर ओकाऱ्या झाल्या. सोबत्यांनी त्याला मधे घेऊन, पाणी ओतत, वेळेच्या आत रेषेपर्यंत आणलं. २ जुलैला २६४२ मीटर उंचीचा गालिबिए ओलांडायचा होता. तोही ओलांडला. दुसऱ्या दिवशी, ३ जुलै २०२४ रोजी, सां-व्हुल्बाला सपाट रस्त्यावर तो एका चाकावरून दुसऱ्या चाकामागे सरकत पुढे आला, कठड्याकडची बाजू धरली आणि फिलिप्सनला मागे टाकून जिंकला. वय ३९, विजय पस्तिसावा.

त्या विजयानंतर शर्यत सोडून जायला हरकत नव्हती. तो शर्यतीत राहिला आणि उरलेले घाट चढून नीसला पोहोचला. १४१ जणांनी ती टूर पूर्ण केली. कॅव्हेंडिश शेवटून दुसरा होता. सर्वांत शेवटचा होता त्याचाच सहकारी दाविदे बालेरिनी. नोव्हेंबर २०२४ मध्ये सिंगापूरची शर्यत जिंकून तो निवृत्त झाला. खात्यावर एकूण १६५ व्यावसायिक विजय.

आता हा आकडा कोण गाठेल, याची चर्चा स्लोव्हेनियाच्या ताडेय पोगाचारभोवती फिरते. २०२५ च्या टूरअखेर त्याचे २१ टप्पे झाले आहेत. पोगाचारला घाटाची भीती नाही. तो तिथेच जिंकतो. स्प्रिंटरांमध्ये फिलिप्सनचे तोवर दहा झाले आहेत. त्याला पस्तीस गाठायचे असतील तर आणखी पंचवीस विजय हवेत. तेवढ्या टूर करायच्या म्हणजे दर जुलैला आल्प्स आणि पिरिनीज वेळेत ओलांडायचे, आणि घाटात आपल्यासाठी मागे राहणारे सोबती दरवर्षी मिळवायचे. कॅव्हेंडिशला ते मिळाले, आणि हा विक्रम त्याच्याइतकाच त्यांचाही आहे.