खातं गोठलं तेव्हा (भाग 7) : गुन्हा पहिल्या मालकाचा, शिक्षा दुसऱ्याला

या आठवड्यात गेममधल्या बंदुकीच्या रिकॉइलचा, म्हणजे धक्क्याचा, आलेख उलगडायचा होता. तो पुढे ढकलतो आहे. चाकणहून आलेल्या एका पत्रातला प्रश्न त्या आलेखापेक्षा मोठा आहे, आणि आपल्या पिंपरी-चाकणच्या कारखान्यांच्या पट्ट्यात तो त्या एकट्याचा नसणार याची मला खात्री आहे.

पत्र लिहिणारा तरुण मूळचा मराठवाड्यातला. नाणेकरवाडीत चौघांच्या खोलीत राहतो आणि गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात ट्रेनी आहे. ओव्हरटाइमचे पैसे साठवून त्याने सेकंड हँड फोन घेतला. दुकानदाराने त्याच्यासमोर फोन रीसेट करून दिला. रूमवर येऊन त्याने गेम टाकला आणि नवी आयडी काढली. दोन-तीन मॅच झाल्या आणि पडद्यावर संदेश आला, या डिव्हाइसवर कायमची बंदी. गेमचं नाव मुद्दाम देत नाही, कारण हे एकाच गेमपुरतं नाही. त्याचा प्रश्न मात्र त्याच्याच शब्दांत देतो : ‘सर, मी हॅक लावलाच नाही. आयडी तर कालची आहे. मग बॅन नक्की कोणाला केलं?’

फोनला केलं. आधीच्या मालकाने केलेल्या लबाडीबद्दल.

आतापर्यंतच्या भागांत आपण बंदी म्हणजे आयडीवरची बंदी असंच धरून चाललो. पण फुकटात मिळणाऱ्या गेममध्ये आयडीला किंमत कितीशी असते? सकाळी बॅन झालेला मुलगा दुपारी नव्या ईमेलने परत येतो. बीजीएमआय हा क्राफ्टन कंपनीचा मोबाइल गेम भारतात 2 जुलै 2021 रोजी आला. त्याच वर्षी 1 ऑक्टोबर ते 10 नोव्हेंबर या सुमारे चाळीस दिवसांत 25 लाखांहून अधिक खाती कायमची बंद केल्याचं क्राफ्टनने जाहीर केलं. इतकी खाती बंद करूनही लबाडी थांबत नाही, याचा अर्थ बंद झालेली माणसं पुन्हा पुन्हा आत येत होती. म्हणून 24 डिसेंबर 2021 पासून कंपनीने डिव्हाइस बॅन सुरू केला. बेकायदा प्रोग्राम सापडला तर आयडीसोबत तो फोनच बाद. नवी आयडी फुकट मिळते, नवा फोन मिळत नाही. लबाडी महाग करायची असेल तर याहून परिणामकारक उपाय मला तरी दिसत नाही, आणि प्रामाणिकपणे खेळणाऱ्यांच्या बाजूने मी त्याचं स्वागतच केलं आहे.

प्रश्न आहे तो फोन विकला गेल्यावरचा. आणि आपल्याकडे फोन विकले जातातच. पिंपरी कॅम्पातली दुकानं घ्या, भोसरी घ्या, चाकणला तळेगाव चौकाच्या आसपास फिरा. काचेच्या कपाटात जुने फोन ओळीने मांडलेले असतात. सात महिन्यांनी ब्रेक मिळालेला कंत्राटी कामगार गावी परतताना फोन विकतो, नवा आलेला तोच घेतो. त्या फोनमागे कोणती बंदी चालत आली आहे, हे विकणाराही पुष्कळदा जाणत नाही.

पत्रातला दुसरा प्रश्न असा की रीसेट केल्यावर फोन कोरा होतो, मग गेमला तो ओळखू येतो कसा? इथे थोडं खोलात जावं लागेल.

बहुतेकांना वाटतं की गेम आयएमईआय, म्हणजे प्रत्येक फोनचा स्वतःचा क्रमांक, वाचतो. अँड्रॉइड 10 पासून, म्हणजे 2019 पासून, बाहेरून टाकलेल्या सामान्य ॲपला आयएमईआय वाचायची परवानगीच नाही. अँड्रॉइड आयडी नावाचा एक क्रमांक असतो. तो अँड्रॉइड 8 पासून वेगवेगळ्या कंपन्यांच्या ॲपना वेगवेगळा दिसतो आणि रीसेट केला की बदलतो. मग उरतं काय? सिनेमे दाखवणाऱ्या ॲपना चोरी रोखण्यासाठी फोनमध्ये वाइडवाइन नावाची कुलूपव्यवस्था बसवलेली असते. तिचा स्वतःचा एक ओळखक्रमांक असतो आणि बहुतेक फोनवर तो रीसेटनंतरही तोच राहतो. त्याला जोडून फोनचं मॉडेल, प्रोसेसर, पडद्याचा आकार, सेन्सर अशा बारीकसारीक खुणा गोळा केल्या की त्या फोनचा चेहरा तयार होतो. यातलं नेमकं काय वापरतो हे कुठलीही कंपनी उघड करत नाही. केलं तर चुकवणाऱ्यांचीच सोय होईल.

आयफोनची गोष्ट तर मला या सगळ्यात सर्वांत बोलकी वाटते. ॲपलने 2017 मध्ये, आयओएस 11 सोबत, डिव्हाइसचेक नावाची सोय आणली. प्रत्येक फोनमागे प्रत्येक ॲप-कंपनीसाठी दोन बिट ॲपल आपल्या सर्व्हरवर जपून ठेवतं. फक्त दोन बिट! त्यात कंपनीने ‘याने लबाडी केली’ अशी खूण करून ठेवली की ॲप काढा, फोन पुसा, काही करा, ती खूण तिथेच राहते. पण ॲपलने विकासकांना दिलेल्या सूचनांत हेही लिहिलं आहे की ही खूण केव्हा पुसायची ते ठरवणं तुमचं काम, आणि त्यासाठी दिलेलं उदाहरण आहे फोन दुसऱ्याला विकला जाण्याचं. म्हणजे ज्यांनी ही यंत्रणा बांधली त्यांना दुसरा मालक पहिल्या दिवसापासून दिसत होता. त्याची आठवण ठेवायची जबाबदारी मात्र गेम कंपनीवर सोडलेली आहे.

कॉम्प्युटरवर खेळणाऱ्यांनीही सुटलो म्हणू नये. व्हॅलोरंट या गेमसोबत येणारा व्हॅनगार्ड हा लबाडी पकडणारा प्रोग्राम मशीन सुरू होतानाच जागा होतो, आणि व्हॅन 152 हा त्याचा संदेश हार्डवेअर बॅनचा असतो. अशा बंदीत मदरबोर्ड आणि डिस्कचे अनुक्रमांक, नेटवर्क कार्डचा पत्ता अशा गोष्टी धरल्या जातात. जुना मदरबोर्ड घेऊन पीसी जुळवणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं. निगडी-आकुर्डीकडची इंजिनिअरिंगची पुष्कळ मुलं तसाच जुळवतात.

जगात हा घोळ नवा नाही. नोव्हेंबर 2009 मध्ये मायक्रोसॉफ्टने चोरीच्या डिस्क चालवण्यासाठी फेरफार केलेले लाखो एक्सबॉक्स 360 ऑनलाइन सेवेतून कायमचे बाहेर काढले. त्यानंतर जुन्या मालाच्या बाजारात एक्सबॉक्सची रीघ लागली. बॅन झालेलं यंत्र घरात एकट्याने खेळायला चालायचं, त्यामुळे घेणाऱ्याला दुकानात काहीच कळायचं नाही. 2025 मध्ये निन्टेन्डोच्या स्विच 2 वर असंच झालं. एका खेळाडूने वापरलेली गेमकार्डं विकत घेतली. त्यांची नक्कल आधीच कोणीतरी काढून ठेवली होती, आणि यंत्रणेच्या लेखी दोषी ठरला तो हाच. त्याने कार्डांचे फोटो आणि जिथून ती घेतली ती विक्रीची जाहिरात कंपनीला दाखवली. बंदी उठली. हा तपशील चाकणच्या वाचकाने अधोरेखित करून ठेवावा; पुढे उपयोगी पडणार आहे.

कंपन्या आपली चूक मान्य करतात का? करतात, पण कशा वेळी करतात ते पाहा. जुलै 2010 मध्ये मॉडर्न वॉरफेअर 2 खेळणारे सुमारे 12,000 जण दोन आठवड्यांत व्हॅकच्या, म्हणजे व्हॉल्व कंपनीच्या लबाडी पकडणाऱ्या यंत्रणेच्या, जाळ्यात सापडले. व्हॉल्वच्याच स्टीम या गेम-दुकानाने डिस्कवरची एक फाइल अद्ययावत केली, मेमरीत जुनीच राहिली, दोन्ही जुळेनात, आणि तपासणीने त्याला फेरफार मानलं. व्हॉल्वने बंदी उठवली, कंपनीचा प्रमुख गेब न्यूवेलने स्वतः पत्र लिहून सांगितलं आणि प्रत्येकाला एक गेम भेट दिला. ऑक्टोबर 2023 मध्ये एएमडीच्या ग्राफिक्स ड्रायव्हरमधली अँटी-लॅग प्लस ही सोय चालू केली की काउंटर-स्ट्राइक 2 मध्ये बंदी यायची, कारण ती सोय गेमच्या कोडमध्ये हात घालत होती. एएमडीने तो ड्रायव्हर मागे घेतला, व्हॉल्वने खाती शोधून मोकळी केली.

दोन्ही वेळा हजारो जण एकदम अडकले होते, म्हणून चूक दिसली. नाणेकरवाडीतल्या एकाच्या फोनमुळे तक्रारींचा आलेख उंचावत नाही. ‘मी केलं नाही’ असं लिहिणाऱ्या पत्रांच्या ढिगात त्याचं खरं पत्र खोट्या शंभरांसारखंच दिसतं.

इथे मला आपल्या गावच्या एका जुन्या रीतीबद्दल बोलायलाच हवं. टेल्को, बजाज या कारखान्यांच्या पिढीतल्या कामगाराला चार्जशीट म्हणजे काय हे सांगावं लागत नाही. आरोप लेखी यायचा. तारीख, वेळ, कुठल्या कलमाखाली, सगळं त्यात असायचं. उत्तर द्यायला मुदत मिळायची. चौकशी बसायची, साक्षीदाराला उलट प्रश्न विचारता यायचे. 1946 च्या स्थायी आदेशांच्या कायद्याने तर निलंबनात पहिले 90 दिवस निम्मा निर्वाह भत्ताही दिला होता. ऑक्टोबर 2023 मध्ये पिंपरी-चिंचवड पोलीस दलातल्या एका उपनिरीक्षकाने फँटसी क्रिकेटच्या ॲपवर दीड कोटी रुपये जिंकले आणि तो निलंबित झाला. तेव्हाही निलंबनासोबत विभागीय चौकशी आलीच. कंत्राटी कामगाराच्या वाट्याला यातलं काही येत नाही. सकाळी कार्ड लावलं, गेट उघडलं नाही, की समजायचं. डिव्हाइस बॅनचा संदेश अगदी तसा येतो. आरोप कुठल्या तारखेचा, हेसुद्धा त्यात नसतं. तारीख जरी दिली असती तरी या मुलाचा प्रश्न एका मिनिटात सुटला असता, कारण त्या दिवशी फोन त्याच्याकडे नव्हता. हॅक कसा पकडला हे गुप्त ठेवा, ते मला पटतं. पण केव्हा पकडला हे सांगितल्याने कुठल्या चोराला मदत होते?

फोनचा इतिहास घेणाऱ्याला आधी सांगता येतो, हे सरकारने चोरीच्या फोनांबाबत करून दाखवलं आहे. *#06# दाबून आयएमईआय पाहायचा, केवायएम लिहून जागा सोडून तो क्रमांक 14422 वर पाठवायचा. तो काळ्या यादीत आहे का ते कळतं. ही सोय देणारं सरकारचं संचार साथी पोर्टल मे 2023 पासून देशभर आहे. जुना फोन घेताना हे प्रत्येकाने करावंच. पण त्या यादीत गेमची बंदी दिसत नाही. प्रत्येक गेम कंपनीने आपल्यापुरती अशी एक खिडकी उघडावी, पैसे देण्याआधी घेणाऱ्याला ‘या फोनवर बंदी आहे’ किंवा ‘नाही’ एवढंच कळावं, ही माझी ठाम मागणी आहे. विकणाऱ्या लबाडाला भाव पडून मिळेल आणि घेणारा वाचेल.

तोवर काय करायचं? जुना फोन गेमसाठी घेणार असाल तर दुकानातच गेम उतरवून घ्या, नवी आयडी काढा आणि निदान दोन-तीन पूर्ण मॅच खेळा. मग पैसे द्या. दुकानदार कुरकुर करेल, करू दे. वर्षानुवर्षं वाढवलेली आपली मुख्य आयडी त्या फोनवर पहिल्याच दिवशी उघडू नका. बाद फोनमुळे चांगली आयडीही संशयात येऊ शकते. आणि बिल घ्या. साध्या कागदावर का होईना, तारीख, मॉडेल, आयएमईआय आणि दुकानाचा शिक्का. यूपीआयने दिलेत तर ती नोंद जपा.

चाकणच्या वाचकासाठी : एकच तक्रार नोंदवा, रोज नवी नको. ‘मी निर्दोष आहे’ हे वाक्य त्यात नसलं तरी चालेल. फोन कोणत्या तारखेला घेतला, आयडी कोणत्या तारखेला काढली, बंदीचा संदेश केव्हा आला, या तीन तारखा एकाखाली एक लिहा. बिलाचा आणि संदेशाचा फोटो जोडा. शेवटी विचारा की बंदीला कारण ठरलेली घटना माझ्या खरेदीआधीची आहे का. हा प्रश्न असा आहे की त्याला होय किंवा नाही म्हणावं लागतं. उत्तर साचेबंद आलं तर गेमच्या गोपनीयता धोरणात तक्रार निवारण अधिकाऱ्याचा पत्ता शोधा. 2021 च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनुसार मध्यस्थ कंपन्यांच्या या अधिकाऱ्याने 24 तासांत पोच आणि ठरलेल्या मुदतीत निर्णय द्यायचा असतो. त्याच्याही निर्णयाने समाधान झालं नाही तर 30 दिवसांच्या आत केंद्राच्या तक्रार अपील समितीकडे ऑनलाइन अपील करता येतं. आणि दुकानदाराशी बोला. त्याने जाणूनबुजून फसवलं असेलच असं नाही. खेळायला घेतलेला फोन खेळत नाही म्हटल्यावर बदलून देणारे दुकानदार मला या पट्ट्यात माहीत आहेत.

एक गोष्ट अजिबात करू नका. डिव्हाइस अनबॅन करून देतो म्हणणारे टेलिग्रामवर बसलेले असतात, पाचशे-हजार मागतात. त्यातले काही पैसे घेऊन गायब होतात. उरलेले फोनची ओळख बदलणारा प्रोग्राम टाकायला लावतात. तो प्रोग्राम स्वतःच बंदीचं कारण असतो, आणि त्याला फोनची मुळापासूनची परवानगी दिलीत तर त्याच फोनवरचं बँकेचं ॲपही त्याच्या हातात जातं. पैसे गेलेच असतील तर 1930 वर लगेच कळवा. पहिल्या काही तासांत रक्कम अडवता येण्याची शक्यता सर्वाधिक असते.

मोशीच्या एका वाचकाने विचारलं आहे की गुरुवारी वीज गेल्यामुळे मॅच अर्धी सुटली तरी शिक्षा का होते. तो विषय वेगळा आहे आणि त्याला स्वतंत्र भाग देणार आहे. पुढच्या आठवड्यात रिकॉइलचा आलेख घेऊ. ज्यांच्याकडे जमेल त्यांनी ट्रेनिंग ग्राउंडमध्ये भिंतीसमोर उभं राहून एम416 बंदुकीचं एक पूर्ण मॅगझिन रिकामं करावं आणि भिंतीवरच्या खुणांचा स्क्रीनशॉट काढून ठेवावा. स्कोप न लावता एकदा आणि लावून एकदा.