म्हातारा पोपट आणि त्याचे सांधे

पाळलेला पक्षी म्हातारा झाला, ही गोष्ट घरच्या माणसांच्या सहसा ध्यानात येत नाही. कुत्र्याच्या तोंडावरचे केस पांढरे होतात, बैलाचे दात झिजतात, माणसाच्या कातडीला सुरकुत्या पडतात. पक्षी मात्र जुनी पिसे टाकून वेळोवेळी नवी धारण करतो. त्यामुळे वीस वर्षांचा पोपटही दुरून पाहणाऱ्याला दोन वर्षांच्या पोपटाइतकाच हिरवागार दिसतो. शिवाय दुखणे लपविणे हा पक्ष्याचा जातिस्वभाव होय. रानात जो थव्यामागे रेंगाळतो त्याच्यावर ससाण्याची दृष्टी प्रथम जाते, म्हणून अंगात त्राण असेपर्यंत पक्षी ठणठणीत असल्यासारखाच बसतो. मग एखादे दिवशी विठू पिंजऱ्याच्या जाळीवरून वर चढेनासा होतो, आणि घरची माणसे म्हणतात, "रुसला आहे." वस्तुतः तो रुसलेला नसतो. त्याचे गुडघे, घोटे किंवा बोटे दुखत असतात, आणि ते सांगावयाला त्याच्यापाशी शब्द नसतात. शिकविलेले शब्द काही त्या कामाचे नव्हेत.

चांगली निगा असेल तर बजरीगर पाच ते दहा वर्षे, कॉकाटील पंधरा-वीस वर्षे आणि पोपट वीस-पंचवीस वर्षे सहज जगतो. आफ्रिकन ग्रे तर चाळिशी ओलांडतो. म्हणजे शाळकरी मुलासाठी आणलेला पक्षी त्या मुलाच्या लग्नानंतरही घरात असू शकतो, व तोपर्यंत त्याची हौस कोणालाच उरलेली नसते. म्हाताऱ्या पक्ष्याची हेळसांड होते ती बहुधा दुष्टपणाने नव्हे, तर अशा विसरण्याने.

हैदराबाद शहराला पक्ष्यांचा शौक जुना आहे. चारमिनाराजवळचा मुर्गी चौक कोंबड्यांसाठी आणि हौशी पक्ष्यांसाठी पिढ्यान्‌पिढ्या ओळखला गेला. जुन्या शहरातल्या गच्च्यांवरचा कबुतरांचा नादही तितकाच प्रसिद्ध. सुलतान बाजार, काचीगुडा, गौळीगुडा या भागांत मराठी कुटुंबांची जुनी वस्ती. तेथील वाड्यांतही ओसरीवर पोपटाचा पिंजरा टांगलेला असे. आता कायदा बदलला आहे, हे येथेच सांगितले पाहिजे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने आपले देशी पोपट व मुनिया यांना संरक्षण दिले असून ते पकडणे, विकणे वा पिंजऱ्यात ठेवणे हा गुन्हा ठरतो. बजरीगर, कॉकाटील, लव्हबर्ड हे परदेशी वंशाचे पक्षी पाळता येतात. (बाजारात बजरीगरलाच लव्हबर्ड म्हणून विकतात; खरे लव्हबर्ड आफ्रिकेतले, बजरीगर ऑस्ट्रेलियातले.) आफ्रिकन ग्रे, मकाव यांसारख्या पक्ष्यांची मात्र २०२४ च्या नियमांनुसार वन्यजीव अधिकाऱ्यांकडे नोंद करावी लागते.

कायदा कळला म्हणून, अथवा पुण्य लागेल म्हणून, म्हातारा पोपट एके सकाळी गच्चीवरून उडवून देणारे काही लोक असतात. ह्याला सुटका म्हणणे कठीण आहे. जन्मभर दोन हातांच्या पिंजऱ्यात बसलेल्या, सांधे आखडलेल्या पक्ष्याला झाडावर बसता येत नाही, दाणा शोधता येत नाही, आणि कावळे त्याला संध्याकाळपर्यंत सोडत नाहीत. देशी पोपट घरात असेल तर वन खात्याला कळवून त्यांच्या स्वाधीन करावा. परदेशी पक्षी मोकळा सोडण्याचा तर प्रश्नच उद्भवत नाही.

आता सांध्यांविषयी. पक्ष्याचा गुडघा उलटा वाकतो अशी सार्वत्रिक समजूत आहे, पण ती चुकीची आहे. पायाच्या मध्यावर मागे वळलेला जो सांधा दिसतो तो गुडघा नव्हे, घोटा होय. खरा गुडघा वर, पोटाच्या पिसांत दडलेला असतो व तो आपल्यासारखाच पुढे वाकतो. म्हणजे पक्षी सदैव बोटांवरच उभा असतो. त्याला पाठ टेकून निजणे ठाऊक नाही. रात्रीची झोपही तो बहुधा दांडीवर उभ्यानेच घेतो. बोटे मिटविणाऱ्या स्नायुबंधांवर बारीक खाचा असतात आणि त्या भोवतालच्या आवरणातील खाचांत अडकून बसतात, म्हणून झोपेतही पकड सुटत नाही. ही सोय मोठी नामी आहे; परंतु चोवीस तास, वर्षानुवर्षे, शरीराचा सगळा भार त्याच चार-सहा सांध्यांवर येतो हा तिचा दुसरा भाग. उडणारा पक्षी हा भार पंखांवर वाटून घेतो. पिंजऱ्यातल्या पक्ष्याला ती वाटणी नाही.

लक्षणे पाहावयाची ती अशी. पक्षी वारंवार एका पायावरून दुसऱ्या पायावर भार टाकतो. चढताना चोचीचा तिसऱ्या पायासारखा आधार घेतो; पोपट एरवीही तसे करतो, पण आता चोचीने लटकून मग पाय ओढतो. दांडीवरून निसटतो, तळाशी बसू लागतो. नख्या लांब वाढतात, कारण चालण्या-चढण्याने त्या झिजत नाहीत. शेपटीखालची पिसे मळतात, कारण मान वळवून ती साफ करणे त्याला जड जाते. तळपायांवर लाल, गुळगुळीत, खपली धरलेला डाग दिसला तर तो दाबामुळे पडलेला व्रण समजावा; तो चिघळला की हाडापर्यंत जातो.

प्रत्येक सुजलेला सांधा संधिवाताचाच असतो असे नाही, आणि येथे वैद्याची गरज लागते. पक्ष्याचे मूत्र पाण्यासारखे नसते. विष्ठेतला पांढरा भाग म्हणजेच यूरिक अ‍ॅसिड. मूत्रपिंडे बिघडली, पाणी कमी पडले, की हे द्रव्य रक्तात साचून सांध्यांत पांढरट-पिवळट गाठींच्या रूपाने बसते. हा गाऊट अतिशय वेदनादायक असतो, व त्याच्यावर व्यायामाचा उपाय करणे म्हणजे दुखऱ्या पायावर छळ होय. बोटांच्या सांध्यांवर अशा गाठी दिसल्या तर पक्ष्याला हालवू नये. आधी पशुवैद्याला दाखवावा. हैदराबादकरांना हे अवघड नाही. नारायणगुड्याला सरकारी पशुवैद्यकीय रुग्णालय आहे, आणि राजेंद्रनगरला १९४६ मध्ये निघालेले पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे.

घरातल्या डब्यातली माणसांची वेदनाशामक गोळी चिमूटभर पाण्यातून द्यावी, असे सुचविणारे शेजारी सर्वत्र भेटतात. त्यांनी गिधाडांचा इतिहास आठवावा. १९९० नंतरच्या काळात भारतातील गिधाडे नव्वद टक्क्यांहून अधिक नाहीशी झाली. कारण २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनातून उमगले: गुरांना दिलेले डायक्लोफेनॅक हे औषध मेलेल्या जनावराच्या मांसातून गिधाडांच्या पोटात जात होते, त्यांची मूत्रपिंडे निकामी होत होती आणि आतील इंद्रियांवर यूरिक अ‍ॅसिडचा पांढरा थर बसत होता. २००६ मध्ये भारत सरकारने गुरांसाठी ह्या औषधावर बंदी घातली, व त्याच सुमारास मेलॉक्सिकॅम हे औषध गिधाडांना अपाय करीत नाही असे दिसून आले. सर्व पक्ष्यांवर एकच औषध सारखा परिणाम करते असे नाही. तरी जो पदार्थ मेलेल्या जनावराचे मांस पचविणाऱ्या पक्ष्याला मारतो, तो तीस-चाळीस ग्रॅमच्या बजरीगरवर अंदाजाने वापरणे शहाणपणाचे नव्हे. पक्ष्यांचे वैद्य संधिवातावर मेलॉक्सिकॅमच पुष्कळदा देतात, पण ते वजन करून, थेंब मोजून.

औषधाच्या आधी दांडी बदलावी. बाजारातल्या पिंजऱ्यात एकाच जाडीची, गुळगुळीत, प्लॅस्टिकची वा लाकडाची दांडी असते, व तिच्यावर पाऊल रोज त्याच जागी दाबले जाते. तिच्याऐवजी पेरूच्या किंवा कडुनिंबाच्या, औषध न फवारलेल्या झाडाच्या फांद्या धुऊन, वाळवून लावाव्यात. फांदी कोठे जाड, कोठे बारीक असते, त्यामुळे बोटे दर वेळी निराळी वळतात. दांडीसाठी व्यायाम हा शब्द वापरता आला तर तो हाच. जाडी इतकी असावी की बोटे फांदीला पुरता वेढा न घालता सुमारे दोन तृतीयांश घेर धरतील. फार म्हाताऱ्या पक्ष्याला एक सपाट फळीही द्यावी, म्हणजे त्याला पकड न घालता उभे राहता येईल. वाळूचा कागद गुंडाळलेल्या दांड्या नख्या झिजविण्यासाठी म्हणून विकतात. त्या नख्या फारशा झिजवीत नाहीत, तळवे मात्र सोलतात. दांड्या खाली आणाव्यात, एकीपासून दुसरी एका पावलावर असावी, दाण्याची व पाण्याची वाटी बसल्या जागी पोहोचेल अशी ठेवावी. तळाशी जुना टॉवेल घालून त्यावर कागद पसरला म्हणजे पडला तरी लागत नाही. मात्र टॉवेलाचे सुटे दोरे कापून टाकावेत, त्यात बोटे अडकतात. उंच, घुमटाचा पिंजरा दिसावयाला देखणा असतो, पण पक्षी आडवा उडतो, उभा नव्हे. रुंद पिंजरा हाच खरा उपयोगाचा. म्हाताऱ्या पक्ष्याच्या डोळ्यांत मोतीबिंदूही होतो. म्हणून एकदा केलेली मांडणी रोज बदलू नये; त्याला ती पाठ झालेली असते.

व्यायाम सुरू करावयाचा तो पक्षी अंगाने ऊबदार आणि मनाने स्वस्थ असताना, सकाळच्या दाण्याआधी. पहिला प्रकार सर्वांत सोपा. पक्षी हातावर बसलेला असताना दुसऱ्या हाताचे बोट त्याच्या पोटाशी, पायांच्या किंचित वर धरावे. तो त्यावर पाय ठेवतो. मग पहिले बोट पुन्हा पुढे. अशी चार-पाच पावले झाली की एखादा आवडीचा दाणा द्यावा आणि थांबावे. यात गुडघा, घोटा आणि बोटे तिन्ही हालतात व भार एकेका पायावर क्षणभरच येतो. दुसरा प्रकार पंखांचा. बसलेला हात हळूच चार बोटे खाली न्यावा. तोल सांभाळण्यासाठी पक्षी पंख उघडतो. हात झटक्याने खाली नेऊन त्याला घाबरविणे हा व्यायाम नव्हे. उडण्याचे स्नायू छातीवर असतात आणि कबुतरात तर ते सबंध वजनाच्या पाचव्या हिश्श्याच्या आसपास भरतात; ते गळाले की पक्षी पडताना सावरत नाही, दगडासारखा आदळतो. पंख कातरण्याची जुनी रीत म्हणूनच म्हातारपणी फार महागात पडते. तिसरा प्रकार चालण्याचा: सतरंजी अंथरून तिच्यावर थोड्या थोड्या अंतराने दाणे ठेवावेत, किंवा दोन-तीन वीत लांबीची आडवी शिडी अगदी कमी उताराने टेकवावी. आधी पंखा बंद करावा, खिडक्या लावाव्यात, आरसा झाकावा.

वेळ किती, असे विचारले तर प्रारंभी दोन मिनिटे, पुढे पाच, दिवसातून दोन-तीनदा. चोच उघडून धापा टाकणे, श्वासाबरोबर शेपूट वर-खाली होणे किंवा पंख अंगापासून सुटे धरणे दिसले की लगेच थांबावे. पक्ष्याला आपल्यासारखा श्वासपटल नाही. छातीचे हाड हालल्यानेच त्याचा श्वास चालतो. तेव्हा त्याला धरताना छाती कधीही आवळू नये. पाय हातात घेऊन वाकविणे-ताणणे हे वैद्याने दाखविल्याशिवाय करू नये, कारण ती हाडे पोकळ व पातळ असतात.

हवेचा विचार वेगळा करावयास हवा. दख्खनच्या पठारावरील ह्या शहरात मे महिन्यात पारा चाळीस अंशांपार जातो, व पक्ष्याला घाम नसल्याने दुपारचा व्यायाम तेव्हा धोक्याचा ठरतो. डिसेंबर-जानेवारीतल्या रात्री उलट बोचऱ्या असतात आणि सांधे सकाळी आखडतात. पिंजऱ्याच्या एका बाजूस, बाहेरून, मंद ऊब देणारा दिवा लावावा. दुसरी बाजू थंड राहू द्यावी, म्हणजे त्याला हवे तेथे सरकता येते. कोवळे ऊन काचेतून नव्हे, उघड्या गॅलरीत द्यावे, कारण हाडांना लागणारे ड जीवनसत्त्व बनविणारे किरण काच अडविते. उदबत्ती, कापूर, डासांची वडी यांचा धूर आणि रिकामा तापलेल्या नॉनस्टिक तव्याची वाफ यांपासून पिंजरा दूर असावा. त्या वाफेने पक्षी काही मिनिटांत मरतो.

आहाराविषयी थोडक्यात इतकेच. निव्वळ सूर्यफुलाच्या बियांवर पोसलेला पोपट लठ्ठ होतो, आणि प्रत्येक जादा ग्रॅम त्याच्या घोट्यांवर येतो. बिया कमी करून हैदराबादेत कोर्रलू म्हणून मिळणारे राळे, किसलेले गाजर, लाल भोपळा, शेवग्याचा पाला द्यावा. अ जीवनसत्त्वाच्या अभावी तळव्यांची कातडी व मूत्रपिंडे दोन्ही बिघडतात, म्हणून भोपळ्याला येथे औषधाची किंमत आहे. चुन्यासाठी समुद्रफेस पिंजऱ्याला बांधावा. पाणी सदैव ताजे असावे.

शेवटची वस्तू स्वयंपाकघरातला, ग्रॅम दाखविणारा काटा. दर आठवड्याला ठरल्या वेळी, सकाळी उपाशीपोटी, पक्ष्याला त्यावर बसवून वजन वहीत लिहावे. कॉकाटीलचे वजन साधारण ऐंशी ते शंभर ग्रॅम भरते. नव्वदाचे एक्क्याऐंशी झाले तर पिसे कितीही चकाकत असोत, पक्षी आजारी आहे. त्या दिवशी व्यायाम बंद ठेवून, वही घेऊन, वैद्याकडे जावे.