चिंचिला पारोसा नसतो

"आंघोळ कधीच घालायची नाही? मग घाण नाही का होणार तो?" चिंचिला पाळणाऱ्या जवळजवळ प्रत्येक घरातून हा प्रश्न मला येतो, आणि बऱ्याचदा तोवर आंघोळ घालून झालेली असते. गेल्या पावसाळ्यात एक ताई आपला चिंचिला टॉवेलात गुंडाळून घेऊन आल्या. दोन दिवसांपूर्वी त्यांनी त्याला कोमट पाण्यानं, बेबी शाम्पू लावून न्हाऊ घातलं होतं. वरून तो कोरडा दिसत होता. पोटाकडची लव बोटांनी फाकवली, तर आत ओल तशीच होती, केसांच्या गुठळ्या झाल्या होत्या आणि न वाळलेल्या गोधडीचा वास येत होता. ताईंची माया खरी होती. पण न न्हालेला तो पारोसा, हा माणसांचा नियम त्यांनी भलत्याच प्राण्याला लावला.

माणसाच्या डोक्यावर एका रोमछिद्रातून एक, फार तर दोन-तीन केस उगवतात. चिंचिलाच्या एका छिद्रातून साठेक केसांचा झुबका येतो. या दाटीत पिसवांनाही सहसा थारा मिळत नाही. पाणी मात्र आत शिरतं आणि मग त्याला बाहेर पडायला वाट उरत नाही. कातडी ओली राहते, बुरशी धरते, अंगातली ऊब निघून जाते. 'ड्रायरनं वाळवू की' असं म्हणणाऱ्यांना हात जोडून सांगते, गरम हवेचा झोत या प्राण्यासाठी ओलेपणाइतकाच धोक्याचा आहे. चुकून भिजलाच, तर टॉवेलानं हलक्या हातानं टिपा, वाऱ्याच्या झोतापासून दूर ठेवा आणि पशुवैद्याला दाखवा.

चिंचिला मूळचा दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज पर्वतातला. तिथल्या कोरड्या, खडकाळ उतारांवर तो बारीक धुळीत लोळतो. आपल्या अंगणात चिमण्या धुळीत न्हातात, तसंच हे. कातडीतून सुटणारं तेल आणि दमटपणा ती धूळ शोषून घेते आणि अंग झटकलं की सगळं बाहेर पडतं. ही कुणा हौशी माणसाची कल्पना नाही. पशुवैद्यकांच्या 'मर्क मॅन्युअल'मध्येही चिंचिलाला धुळीची आंघोळ द्या असंच सांगितलं आहे. आठवड्यातून दोन-तीनदा, खोलगट भांड्यात दोन इंच धूळ, दहा-पंधरा मिनिटं. मग भांडं उचलून ठेवायचं. दिवसभर आत राहिलं तर तो त्यातच मुततो, शिवाय कातडी कोरडी पडते आणि डोळे चुरचुरतात.

धूळ कोणती, यावरही भलते प्रयोग चालतात. चिंचिलासाठी मिळणारी पीठासारखी बारीक धूळच घ्या. टाल्कम पावडर नको, ती फुप्फुसात जाते. बांधकामाची चाळलेली रेतीही नको, तिचे दाणे केस तोडतात. रांगोळी तर नकोच नको! मुलतानी मातीचं नाव काही जुन्या मिश्रणांत आढळतं, पण म्हणून सुगंध घातलेला फेसपॅक त्याच्या अंगावर ओतायचा नसतो.

दुसरा गैरसमज उन्हाळ्याचा. 'पंखा लावतो ना आम्ही.' पंख्याची हवा आपल्याला गार लागते ती घाम वाळतो म्हणून. चिंचिलाला आपल्यासारखा घामच येत नाही. मॅथियास चॅपमन यांनी 1923 मध्ये चिलीतून मोजके चिंचिला कॅलिफोर्नियाला नेले, तेव्हा वाटेत त्यांना बर्फानं गार ठेवावं लागलं होतं. आजचे पाळीव चिंचिला बहुतांशी त्यांचेच वंशज आहेत. पारा 27-28च्या वर गेला की उष्माघाताची भीती, आणि हवेत दमटपणा असला तर त्याच्याही आधी. मुंबई-कोकणात एसीशिवाय हा प्राणी पाळणं म्हणजे त्याचे हाल करणं आहे, असं माझं स्पष्ट मत आहे. दमट हवेत लवही चिकट होऊन तिच्या गुठळ्या होतात, हे वेगळंच.

बाकीचे थोडक्यात. पकडताना केसांचा पुंजका हातात आला तर तो रोग नव्हे: घाबरला की शत्रूच्या तोंडी केस सोडून निसटायची ही त्याची जुनी युक्ती आहे, केस परत यायला काही आठवडे, कधी महिने लागतात. तकाकीसाठी भिजवलेले बदाम देऊ नका. सुकं गवत हाच त्याचा खुराक. अंगाला खोबरेल लावू नका. नाकाभोवती, डोळ्यांभोवती टक्कल पडून खपल्या धरल्या तर तो गजकर्ण असू शकतो, आणि तो माणसांनाही होतो, म्हणून घरगुती लेप लावत बसू नका. स्वतःचीच लव कुरतडत असेल, तर जागा, सोबत, आवाज, खाणं हे सगळं तपासावं लागतं. नुसत्या मलमानं ते थांबत नाही.

लव ठीक आहे का ते घरीच पाहता येतं. त्याच्या पाठीवर हळूच फुंकर घाला. निरोगी लव झेंडूसारखी गोल उघडते, तळाशी स्वच्छ कातडी दिसते आणि फुंकर थांबली की सगळे केस सुटेसुटे मिटतात. त्या ताईंच्या चिंचिलाची लव अशी उघडायला दिवाळी उजाडली.