छायाचित्रकार व दिग्दर्शक निकोला टानहोफर

चित्रपट पाहून घरीं परतलेल्या मंडळींस त्यांतील कोणाचीं नांवें आठवतात असें विचारिलें, तर बहुतेक जण नटनटींचीं नांवें सांगतील. एखादा चौकस गृहस्थ दिग्दर्शकाचें नांव घेईल. परंतु ज्याच्या डोळ्यांनीं आपण तें सारें पाहिलें, त्या छायाचित्रकाराचें नांव क्वचितच कोणाच्या तोंडीं येतें. अशा उपेक्षित कलेंत उमेदवारी करून पुढें दिग्दर्शक झालेला, आणि अखेरीस पुन्हां त्याच कलेच्या अध्यापनांत रमलेला एक कलावंत क्रोएशियांत होऊन गेला. त्याची ओळख आज वाचकांस करून द्यावयाची आहे.

१९१४ सालीं ज्या नगरींत ऑस्ट्रियाच्या युवराजाचा वध होऊन पहिल्या महायुद्धाची ठिणगी पडली, त्याच सारायेव्हो नगरींत १९२६ च्या डिसेंबरांत निकोला टानहोफर ह्यांचा जन्म झाला. त्यांचें कर्तृत्व मात्र फुललें तें क्रोएशियाच्या राजधानींत, झाग्रेब येथें. एड्रियाटिक समुद्राकांठचा हा देश १९९१ पर्यंत युगोस्लाव्हिया ह्या संघराज्याचा घटक होता. दुसरें महायुद्ध संपल्यावर १९४६ सालीं झाग्रेबमध्यें ‘याद्रान फिल्म’ ही चित्रसंस्था निघाली, आणि चित्रपटाच्या धंद्यांत तरुण हातांना काम मिळूं लागलें. क्रेशो गोलिक ह्यांच्या ‘प्लावी ९’ (१९५०) ह्या फुटबॉलच्या खेळाभोंवतीं गुंफलेल्या चित्रपटाचें, तसेंच ब्रान्को बाउअर ह्यांच्या ‘सिन्यी गालेब’ (१९५३) ह्या मुलांच्या साहसकथेचें छायाचित्रण टानहोफर ह्यांनीं केलें. वयाची तिशी गांठण्यापूर्वींच त्यांचा हात ह्या कामांत चांगला बसला होता.

दिग्दर्शक म्हणून त्यांचा पहिला चित्रपट १९५७ सालीं आला. खेड्यांतील अज्ञानाशीं झुंजणारा एक तरुण डॉक्टर हा त्याचा नायक. परंतु त्यांचें नांव ज्यामुळें चिरकाल टिकलें, तो चित्रपट त्यापुढील वर्षाचा, म्हणजे १९५८ चा. त्याचें नांव ‘एच-८’.

हें विचित्र नांव कोठून आलें? १९५७ च्या एप्रिलमध्यें झाग्रेब ते बेलग्रेड ह्या हमरस्त्यावर एक भीषण अपघात झाला. एका मोटारवाल्यानें घाईघाईनें पुढल्या गाडीस ओलांडून जाण्याचा अविचार केला. त्यापायीं उतारूंची बस आणि समोरून येणारी मालमोटार एकमेकींवर आदळल्या, आणि तो मोटारवाला न थांबतां अंधारांत पसार झाला. त्याच्या गाडीच्या नंबराचीं आरंभींचीं अक्षरें तेवढीं दिसलीं: ‘एच-८’. त्या काळच्या पाट्यांवर ‘एच’ हें अक्षर क्रोएशियाचें असे. कारण तेथील लोक आपल्या देशास ‘ह्रवात्स्का’ म्हणतात. ह्या सत्य घटनेवरून झ्वोनिमिर बेर्कोविच व टोमिस्लाव बुटोराट्स ह्यांनीं पटकथा रचिली.

सामान्य लेखकानें अपघात कथेच्या अखेरीस ठेवून तो शेवटपर्यंत गुप्त राखला असता. येथें नेमकें उलट केलें आहे. अपघात होणार, माणसें मरणार, हें निवेदकाचा कोरडा आवाज प्रथमच सांगून टाकतो. कोणत्या बैठका प्राणघातक ठरणार हेंही प्रेक्षकांस कळतें. मग सुरू होतो तो रात्रीचा, पावसाचा साधा प्रवास. बसमध्यें नुकतीच ओळख होऊन मनें जुळूं लागलेलीं दोघें तरुण आहेत, शिपाई आहेत, संसारी माणसें आहेत. मालमोटारींत चालक व त्याचा लहान मुलगा आहे. कोणी आपली चिंता सांगतो, कोणी रुसतो, कोणी डुलकी घेतो; आणि मध्येंच कोणी सहज उठून जागा बदलतो! त्या बिचाऱ्यास ठाऊक नसतें, परंतु आपल्यास ठाऊक असतें. रेल्वेंत खिडकीसाठीं मुलांचीं भांडणें मिटवितांना आपणही कितीदां अशा जागा बदलीत असतों! तोच क्षुल्लक प्रकार येथें पाहतांना छातींत धस्स होतें.

एखाद्यास हा दैववाद वाटेल. कोण कोठें बसावें हें दैवाधीन खरें. परंतु टक्कर दैवानें घडविली नाहीं, एका माणसाच्या उतावळेपणानें घडविली. ज्याच्यापायीं हें घडलें त्यास मेलेल्यांपैकीं एकाचेंही नांव ठाऊक नसेल. म्हणूनच टानहोफर आपल्याला त्या उतारूंची ओळख इतकी सावकाश करून देतात. वर्तमानपत्रांतील मृतांचा आंकडा हा केवळ आंकडा राहत नाहीं. तीं आपल्या परिचयाचीं माणसें होतात. बसची अरुंद जागा, ओल्या कांचा आणि जवळून टिपलेले चेहरे ह्यांत जुन्या छायाचित्रकाराची नजर दिसून येते; ह्या चित्रपटाचें छायाचित्रण मात्र स्लाव्हको झालार ह्यांचें आहे.

त्याच वर्षीं पुला येथील महोत्सवांत ‘एच-८’ सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला, आणि क्रोएशियाच्या उत्तमोत्तम चित्रपटांत तो आजही गणला जातो. पुढें टानहोफर ह्यांनीं ‘ओस्मा व्राता’ (१९५९), ‘द्वोस्त्रुकी ओब्रुच’ (१९६३), ‘बाब्ल्ये ल्येतो’ (१९७०) इत्यादि चित्रपट दिग्दर्शिले. परंतु ‘एच-८’ ची उंची त्यांस पुन्हां लाभली नाहीं.

तथापि त्यांचें दुसरें कार्य कमी मोलाचें नव्हे. झाग्रेबच्या नाट्यकला अकादमींत छायाचित्रणाच्या अभ्यासक्रमाचा पाया त्यांनीं घातला, विद्यार्थी तयार केले, आणि १९८१ सालीं चित्रपटांतील छायाचित्रणावर ग्रंथ लिहिला. १९९८ सालीं त्यांचें निधन झालें. रंगांवरील त्यांचा ग्रंथ त्यानंतर प्रसिद्ध झाला. क्रोएशियाचे छायाचित्रकार आज त्यांच्या नांवानें पारितोषिक देतात.

‘एच-८’ मधला तो मोटारवाला मागें वळून न पाहतां निघून गेला. टानहोफर ह्यांनीं मात्र प्रेक्षकांस थांबविलें आणि त्या उतारूंच्या चेहऱ्यांकडे पाहावयास लाविलें. वाटेवर घाईंत असतांना आपण काय विसरतों, ह्याची आठवण करून देणारा हा चित्रपट घरांतील थोरांनीं आणि जाणत्या मुलांनीं एकत्र बसून पाहण्याजोगा आहे.